नलिनी मलानींनी पेंटिंग सोडलं, हे मला पटत नाही

चित्रकार नलिनी मलानींचा विषय निघाला की कुणीतरी हमखास म्हणतं, बाई आधी पेंटर होत्या, मग व्हिडिओकडे वळल्या. अहो पण सुरुवातच बघा ना! १९६९ साल, त्या मुंबईच्या जेजे स्कूल ऑफ आर्टमधून नुकत्याच बाहेर पडलेल्या, आणि चित्रकार अकबर पदमसींनी नेहरू फेलोशिपच्या पैशातून मुंबईत कलाकारांच्या प्रयोगांसाठी व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप सुरू केलेलं, तिथे त्यांच्या हातात कॅमेरा आला. त्यांनी पुठ्ठ्याची घरांची मॉडेल्स केली, त्यावर रंगीत लाइट टाकले आणि ८ एमएमवर एकेक फ्रेम घेत स्टॉप मोशन फिल्म बनवली, 'ड्रीम हाउसेस'. रंग कसा लावायचा, कुठे थांबायचं, सगळा विचार चित्रकाराचाच.

आणि मला सगळ्यात भारी वाटतं ते पुढचं. १९७६ मध्ये त्यांनी याच फिल्मच्या शेजारी दुसरी ठेवली, ब्लॅक अँड व्हाइट, त्यात एक तरुण मुलगी उंचावरून मुंबईतल्या झोपड्यांकडे बघतेय. एका बाजूला नव्या देशाच्या घरांचं रंगीत स्वप्न, दुसऱ्या बाजूला ही मुलगी. दोन्ही मिळून 'यूटोपिया'. मधल्या वर्षांत त्या स्वप्नाचं काय झालं हे कुणी बोलून दाखवत नाही, तुम्हीच एकदा इकडे एकदा तिकडे बघत राहता आणि आतून हलता. हे एका कॅनव्हासवर झालं नसतं असं माझं ठाम मत आहे.

माध्यम बदलतं ते यासाठी, जे म्हणायचंय ते आधीच्या चौकटीत मावत नाही म्हणून. १९९२ मध्ये त्यांनी मुंबईतल्या गॅलरी केमोल्डच्या भिंतींवरच चित्रं काढली आणि प्रदर्शन संपल्यावर ती पुसली गेली, म्हणजे विकायला काही उरलंच नाही. पोखरणच्या अणुचाचण्यांनंतर मंटोच्या 'टोबा टेक सिंग' या फाळणीवरच्या कथेवरून व्हिडिओ इन्स्टॉलेशन केलं, तर मॉनिटर ठेवले पत्र्याच्या ट्रंकांमध्ये! फाळणीत घरदार सोडून निघालेली माणसं लगेच डोळ्यासमोर येतात, आणि मलानींचा जन्मच १९४६चा, कराचीतला. २०१२ला जर्मनीत कासेलच्या डॉक्युमेंटा या मोठ्या कलाप्रदर्शनात तर मायलारचे, म्हणजे पारदर्शक प्लास्टिकचे, पाच फिरते सिलिंडर होते, त्यावर मागच्या बाजूने रंगवलेली चित्रं, त्यातून प्रोजेक्टरचा उजेड जातो आणि सावल्या भिंतींवर फिरतात. ती उलट्या बाजूने रंगवायची पद्धत त्या चित्रकार भूपेन खख्खरांकडून शिकल्या होत्या. आता यात पेंटिंग कुठे संपलं आणि व्हिडिओ कुठे सुरू झाला, सांगा बघू.

सत्तरी ओलांडल्यावर त्या आयपॅडवर बोटाने चित्रं काढून अ‍ॅनिमेशन करायला लागल्या. 'कॅन यू हिअर मी?' मध्ये अशी ८८ अ‍ॅनिमेशन्स आहेत, रेघा भराभर येतात, खोडल्या जातात, वर अक्षरं उमटतात. २०२३चं जपानचं मानाचं क्योटो प्राइझ मिळालं तेव्हा मला मनापासून आनंद झाला, पण आपल्याकडे त्याची चर्चा फारच कमी झाली याचं वाईटही वाटलं.

आर्ट कॉलेजच्या पोरांना 'यूटोपिया' पहिल्याच वर्षी दाखवायला हवी, आणि तीही ड्रॉइंगच्या तासाला. 'न्यू मीडिया'च्या वेगळ्या वर्कशॉपची वाट बघत बसू नका.