रुंद टायर म्हणजे जास्त पकड, एवढंच?

'एक साइज मोठा टायर घाला, पकडही वाढते आणि गाडीही दिसते भारी' हे गाडीच्या टायरवरच्या एका लेखातलं वाक्य वाचून माझी जुनी चूक आठवली. १८५/६५ आर१५ (म्हणजे रुंदी १८५ मिमी, रिम १५ इंची) टायर काढून मी हौसेनं २०५/६५ आर१५ बसवले. रिम तीच, मग काय बिघडतंय, असं वाटलं. पण मधले ६५ म्हणजे मिलिमीटर नव्हेत, टायरच्या बाजूची उंची रुंदीच्या ६५ टक्के! रुंदी वाढली की टायरची उंचीही आपोआप वाढते. चाकाचा व्यास ६२१ वरून ६४७ मिमीवर गेला, म्हणजे चार टक्क्यांहून जास्त. स्पीडोमीटर १०० दाखवायचा तेव्हा गाडी १०४ ने पळत असायची. स्टिअरिंग पूर्ण वळवलं की आतल्या प्लॅस्टिकला टायर घासून खर्र आवाज. पिकअप मेला तो वेगळाच.

१६ इंची रिमच हवी असेल तर १९५/५५ आर१६ घ्या, व्यास जवळपास तोच राहतो. फक्त टायरवरचा भार निर्देशांक, म्हणजे एक टायर किती वजन पेलतो त्याचा आकडा, बघा: ८८ म्हणजे ५६० किलो, ८७ म्हणजे ५४५. मूळ आकड्याच्या खाली जाऊ नका, दुकानदार काहीही म्हणो.

आणि रिमच्या ऑफसेटबद्दल, म्हणजे रिमच्या मध्यरेषेपासून बोल्ट बसतात त्या पृष्ठभागापर्यंतच्या अंतराबद्दल, लेखात अवाक्षर नाही! बोल्ट बरोबर बसले तरी ऑफसेट चुकला तर चाक आत सस्पेन्शनला लागतं, नाहीतर बाहेर डोकावतं. दाराच्या चौकटीवरचं टायरच्या मापाचं स्टिकर आधी वाचा, मग फोटो बघून रिम निवडा.