अपील टाकलंय ना? मग घाई कसली!

ग्रॅच्युइटी कमी मिळाली म्हणून अपील टाकताय? उत्तम. पण मुदत पाळा हं. 1972 च्या ग्रॅच्युइटी कायद्यात अपिलाला 60 दिवस होते, सबळ कारण दाखवलं तर आणखी 60. एकशे एकविसाव्या दिवशी सलाइनची बाटली हातात धरून आलात तरी खिडकी बंद. निकाल किती दिवसांत द्यायचा ते मात्र विचारू नका. कलम 7 वाचून वाचून आमच्या इंदूरच्या काकांच्या चष्म्याचा नंबर वाढला, ती मुदत काही सापडली नाही.

काकांनी अपील साठाव्या दिवशी टाकलं. आवकच्या बाबूंचा शिक्का अर्धाच उमटला, तारीख आली, महिना गायब. "भिया, जरा दबा के," म्हणत काकांनी पुन्हा मारून घेतला. तो कागद लॅमिनेट करून देवघरात आहे. तुम्हीही ठेवा. दर महिन्याला चौकशीला जाताना पोहे-जिलबी खाऊन निघा, कारण साहेब एकतर दौऱ्यावर असतात किंवा नुकतेच बदलून आलेले असतात, आणि नवे साहेब फाइल 'समजून घेत' असतात. समजली की त्यांची बदली होते.

मध्येच 21 नोव्हेंबर 2025 ला सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली. ज्या कायद्याखाली अपील केलं तो निवृत्त झाला. अपील अजून सेवेत आहे.

फारच उतावीळ असाल तर हायकोर्टात जा. खंडपीठ इंदूरातच आहे, जबलपूरची गाडी धरावी लागत नाही. अनुच्छेद 226 खाली रिट टाका. कोर्ट बहुधा सांगेल, अमुक महिन्यांत अपील निकाली काढा. काय निकाल द्या, हे नाही सांगत बरं का! फक्त 'द्या'. वकिलांची फी देऊन आपण साहेबांना त्यांच्याच कामाची आठवण करून दिली, एवढं समाधान पदरात पडतं.

तेही महिने उलटले? मग अवमान याचिका. इथेही मुदत तुम्हालाच, एक वर्ष. साहेबांना जास्तीत जास्त सहा महिने कैद किंवा 2,000 रुपये दंड, किंवा दोन्ही. पण मनापासून माफी मागितली की सुटका होऊ शकते, आणि कोर्टात उभं राहिलं की माफी फार मनापासून येते.

धीर सुटला तर इंदूरची हुकुमचंद मिल आठवा. गिरणी बंद पडून तीस वर्षं उलटल्यावर, 25 डिसेंबर 2023 ला, 4,800 कामगारांच्या थकबाकीचे 224 कोटी सुटले. ते प्रकरण अवसायनाचं, म्हणजे बंद कंपनी मोडीत काढून देणी भागवण्याचं, अपिलाचं नव्हे, पण रांग ओळखीचीच. कित्येकांच्या जागी वारस उभे होते.

काकांनी त्यातून नेमका बोध घेतलाय. सध्या ते नातवाकडून वकीलपत्रावरची सही गिरवून घेतात. मुलगा चाळिशीचा झाला, त्याच्यावर किती विसंबणार?