काळातून वीज निघत नाही: ‘कालऊर्जा’ पेटीच्या दाव्यांना उत्तर

गेले काही आठवडे नाशिक शहरात आणि निफाड-दिंडोरीच्या द्राक्षपट्ट्यात एक संदेश फिरतो आहे. ‘कालऊर्जा’ नावाची पेटी काळाच्या प्रवाहातून वीज काढते, तिला इंधन, ऊन, वारा काहीही लागत नाही, ती घरातल्या कोणत्याही सॉकेटला जोडावी आणि वीजबिल विसरावे, असे त्यात म्हटले आहे. सोबत नोंदणीची रक्कम आगाऊ भरण्याचा आग्रह आहे. मी पंचवीस वर्षे विद्युत ठेकेदारी करतो. पंपाची वीज रात्रीची आली की बिबट्याच्या धास्तीने जीव मुठीत धरून मोटर चालू करायला जाणारे शेतकरी माझ्या रोजच्या पाहण्यातले आहेत. असा संदेश त्यांना का भावतो हे मला कळते, आणि म्हणूनच त्यातल्या एकेका दाव्याला उत्तर देणे मला गरजेचे वाटते.

मूळ दावा असा की, पाण्याच्या प्रवाहावर जशी टर्बाइन फिरते तशी ही पेटी काळाच्या प्रवाहावर चालते. पण पाण्यापासून वीज मिळते ती पाणी उंचावरून खाली येते म्हणून. गंगापूर धरणातले पाणी एकदा खाली उतरले की त्याच पाण्याकडून तेच काम पुन्हा करून घेता येत नाही, आणि ते मुळात वर नेण्याचे काम सूर्याने वाफ करून आधीच केलेले असते. कालच्या दिवसाला आजच्या दिवसापेक्षा अशी कोणतीही उंची नसते. काळ आणि ऊर्जा यांचे नाते भौतिकशास्त्रात खरोखरच आहे, फक्त ते या पेटीच्या विरोधात जाते. एमी नोएथर या गणितज्ञ विदुषीने १९१८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या सिद्धांतानुसार, निसर्गाचे नियम काल होते तेच आज आहेत, एवढ्यावरूनच बंदिस्त व्यवस्थेतली एकूण ऊर्जा घटत नाही आणि वाढतही नाही, हे सिद्ध होते. संदेशात ज्या ‘टाइम क्रिस्टल’चा, म्हणजे ठरावीक काळाने आपली स्थिती पुन्हा पुन्हा बदलत राहणाऱ्या कणांच्या रचनेचा, दाखला आहे, ती कल्पना फ्रँक विल्चेक यांनी २०१२ मध्ये मांडली आणि पुढे प्रयोगशाळांत तशा रचना घडवल्याही गेल्या, मात्र त्यांतून वापरण्याजोगी वीज काढता येत नाही.

पेटीचे प्रात्यक्षिक मी स्वतः जाऊन पाहिले. गंगापूर रोडवरच्या एका सभागृहात टेबलावर पत्र्याची पेटी होती आणि तिच्यावर १०० वॅटचे पाच दिवे चाळीस मिनिटे चालू होते. हा हिशेब सुमारे ३३३ वॅट-तासांचा होतो. घरोघरच्या इन्व्हर्टरला असते त्या १२ व्होल्ट, १५० अँपिअर-तासांच्या एका बॅटरीत १८०० वॅट-तास मावतात. पेटी सरकवायला दोघे लागले आणि मागच्या जाळीतून पंख्याची ओळखीची घरघर येत होती. झाकण उघडून दाखवण्याची माझी विनंती नाकारली गेली. आत बॅटरीच होती असे मी म्हणत नाही, पण जे बॅटरीला सहज जमते ते नव्या ऊर्जेचा पुरावा ठरू शकत नाही.

पेटीवर ठेवलेले घड्याळ तासाला पाच मिनिटे मागे पडते, हाही पुरावा म्हणून सांगितला जातो. सापेक्षता सिद्धांतानुसार वेगाने धावणारे घड्याळ मंद चालते हे खरे, पण वेगामुळे घड्याळ इतके मागे पडायचे तर ते प्रकाशाच्या सुमारे ४० टक्के वेगाने, म्हणजे सेकंदाला जवळपास एक लाख वीस हजार किलोमीटर धावायला हवे. सेलवरच्या घड्याळात काटे फिरवणाऱ्या बारीक मोटरमध्ये चुंबक असतो आणि बाहेरून मोठा चुंबक जवळ आला की ती अडखळते. मी घरी जुन्या स्पीकरचा चुंबक घड्याळामागे लावला, तर सेकंदकाटा जागच्या जागी थरथरत राहिला. शेजारचा मोबाइल मात्र बरोबर वेळ दाखवत होता.

‘पेटंट अर्ज क्रमांक’ पाहून हुरळून जाऊ नये. अर्ज कोणीही करू शकतो, आणि प्रस्थापित निसर्गनियमांच्या उघड विरुद्ध जाणाऱ्या शोधाला पेटंट मिळत नाही, असे १९७० च्या पेटंट कायद्याचे कलम ३ सांगते.

पैसे बुडतील ते बुडतील, पण मला झोप लागू देत नाही ते संदेशातले शेवटचे वाक्य: ‘कोणताही धोका नाही, अर्थिंगची गरज नाही, पिन सॉकेटमध्ये घाला, सारे घर चालू होईल.’ यासाठी दिलेल्या वायरच्या दोन्ही टोकांना पिना आहेत. एक टोक पेटीत असताना दुसरे टोक सॉकेटमधून निसटले, तर उघड्या पितळी पिनांवर २३० व्होल्ट असतात आणि त्या लहान मुलाच्याही हाती लागू शकतात. मेन स्विच बंद न करता वीज अशी उलटी सोडली, तर ती मीटरमधून बाहेरच्या तारांवर जाते. रोहित्र (ट्रान्सफॉर्मर) ११,००० व्होल्टचे ४३३ व्होल्ट करते, तसेच ते उलट बाजूने आलेल्या विजेचे पुन्हा हजारो व्होल्ट करू शकते. आजूबाजूच्या घरांचा भार अंगावर आला तर लहान पेटी बहुधा बंद पडेल. पण वादळात तार तुटलेली असेल आणि पलीकडे भारच नसेल, तर ती चालूच राहू शकते, आणि लाइन बंद आहे असे समजून खांबावर चढलेल्या जनमित्राचा (लाइनमनचा) हात त्याच तारेला लागेल. छतावरच्या सौर संचाचा इन्व्हर्टर महावितरणची वीज गेली की आपोआप थांबतो, तो याच कारणासाठी. शिवाय वीज अचानक परतली की तिचा आणि पेटीचा मेळ बसत नाही, आणि पेटी जळू शकते.

विक्रेत्याला खात्री असेल तर त्याने पेटी सील करून ५०० वॅटच्या भारावर मीटरसह तीस दिवस सलग चालवून दाखवावी. तेवढ्यात ३६० युनिट व्हायला हवेत. ज्यांच्या घरी पेटी आलीच आहे, त्यांनी आधी ती बंद करावी, मग घराचा मेन स्विच उतरवावा, त्यानंतरच वायरचे पेटीकडचे आणि मग सॉकेटमधले टोक काढावे, आणि शेवटी दोन्ही टोकांना पिना असलेली ती वायर मधोमध कापून टाकावी.