तो व्हिडिओ बोरघाटाचा नाही, आणि १८५३चा तर नाहीच

‘१८५३चं दुर्मिळ चित्रीकरण! इंग्रजांनी बोरघाटात रेल्वे कशी बांधली पाहा. एकाही मजुराचा जीव गेला नाही. सरकारने दडवलेली फिल्म.’ हा फॉरवर्ड काल आमच्या आत्याने फॅमिली ग्रुपवर टाकला, वर ‘आपल्या कर्जतकडची माणसं’ असंही लिहिलं. आता गप्प बसवत नाही.

१८५३ साली सिनेमा नव्हताच. मुंबईत वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चित्रफिती दाखवल्या गेल्या ७ जुलै १८९६ला. सावेदादांनी, म्हणजे आपल्याकडचे सुरुवातीचे चित्रपटकार हरिश्चंद्र भाटवडेकर यांनी, हँगिंग गार्डनमधली कुस्ती कॅमेऱ्यात टिपली १८९९मध्ये. १६ एप्रिल १८५३ला बोरीबंदरहून गाडी सुटली हे खरं, तेवढं मान्य. पण ती ठाण्यापर्यंतच गेली. घाटाचं काम सुरू झालं १८५६ला.

व्हिडिओ आहे ‘तुर्कसिब’मधला. व्हिक्टर तुरिन यांचा १९२९चा सोव्हिएत मूक माहितीपट. कापूस पिकवणाऱ्या मध्य आशियाला सायबेरियाचं धान्य पोचवणाऱ्या रेल्वेची ही गोष्ट. रूळ जुळायच्या आधीच पडद्यावर आलेली. मी तो पूर्ण पाहिला आहे. फॉरवर्ड करणाऱ्याने मधल्या रशियन पाट्या कापल्यात, बाकी सगळं तेच: वाळूचं वादळ, उंटांचे तांडे, इंजिनाशी शर्यत लावणारे कझाक घोडेस्वार. कर्जत-खंडाळ्याला उंटांचे तांडे कधी होते?

पण खरा संताप येतो तो ‘एकाही मजुराचा जीव गेला नाही’ याचा. बोरघाटात एका वेळी ४० हजारांवर माणसं राबत होती. कातळाला सुरुंग लावायचे, कड्यावर दोराला लोंबकळत पहारीने भोकं पाडायची, आणि पावसाळ्यानंतर छावण्यांत पटकी शिरायची. घाट १८६३ला खुला होईपर्यंत सुमारे २५ हजार माणसं मेली असा अंदाज दिला जातो. मजुरी थकली म्हणून जानेवारी १८५९मध्ये मजुरांनी दंगा केला. त्याच वर्षी नवा ठेकेदार सॉलोमन ट्रेडवेल आला आणि काही आठवड्यांत आजारपणात गेला. काम त्याच्या बायकोने, अ‍ॅलिसने, पुरं करून घेतलं. ठेकेदाराचं नाव तरी उरलं. मजुरांची नावंही नाहीत, आणि आता त्यांचं मरणसुद्धा पुसायचं?

दडवलेली फिल्म वगैरे काही नाही. ‘तुर्कसिब’ त्या काळीच लंडनमध्ये दाखवला गेला, ब्रिटिश माहितीपटकार जॉन ग्रिअर्सन यांनी त्याची इंग्रजी आवृत्ती केली. आजही तो इंटरनेटवर पूर्ण पाहता येतो. आत्याला लिंक पाठवली आहे.