घाट उतरलेलं पॅकेज

वेफर्सचं पाकीट घाट चढताना फुगतं, हे मुंबईहून पुण्याला येणाऱ्या प्रत्येकानं खंडाळ्यात पाहिलेलं असतं. उतरताना काय होतं ते फारसं कुणी बघत नाही, कारण कोल्हापूरहून निघालेलं पाकीट कराड यायच्या आत संपलेलं असतं. माझं संपलं नव्हतं. नव्या नोकरीवर रुजू व्हायला निघालो होतो, घशाखाली काही उतरत नव्हतं, त्यामुळं रात्री ट्रॅव्हल्समध्ये बसताना घेतलेलं पाकीट पहाटे पनवेलला तसंच मांडीवर होतं. आणि ते बसलं होतं. कुणी दाबलं नव्हतं, कुठं फाटलं नव्हतं. नुसतं घाट उतरलं होतं.

तेव्हा मी ते पिशवीत कोंबलं आणि विसरलो. माझ्याकडं दुसरं पॅकेज होतं. साठ हजारांचं.

त्याआधी मी शिरोली एमआयडीसीत एका फाउंड्रीच्या ऑफिसात अकाउंट्स बघायचो. हातात ३१,००० पडायचे. 'हातात' हे महत्त्वाचं, कारण आमच्याकडं पगार विचारायची रीतच तशी आहे. "हातात किती पडत्यात?" बाकीचं काय असेल ते मालकाकडं आणि देवाकडं. घर शिवाजी पेठेत, आजोबांनी बांधलेलं, त्यामुळं 'भाडं' ही चीज मला फक्त लेजरमधलं एक खातं म्हणून ठाऊक. आईचा डबा, गाडीवर टांग मारली की पंचवीस मिनिटांत ऑफिस, संध्याकाळी रंकाळा, रविवारी तांबडा-पांढरा. रात्री जेवून गंगावेशीत जायचं, म्हैस समोर उभी, धार काढून तसाच ग्लास हातात, वर बोटभर फेस. महिनाअखेर दहा-बारा हजार उरायचे, त्यातले पाच भिशीत.

अशा माणसानं मुंबईला जायचंच कशाला? तर वय झालं होतं एकतीस, आणि बायोडेटात 'नोकरी : शिरोली' वाचून मुलीकडचे लोक "कळवतो" म्हणत होते. कळवत कुणीच नव्हतं.

मुलाखत अंधेरीच्या एका ऑफिसात होती. जाण्याआधी मित्रानं कानमंत्र दिला, "भावा, आत्ता हायत त्याच्या डबल सांग. लाजायचं न्हाई." मी आरशासमोर 'साठ' म्हणायचा सराव केला. अगदी सहज, पानाच्या टपरीवर तंबाखूचा नंबर सांगावा तसा. तिथं सगळं ठीक चाललं आणि शेवटी एचआर मॅडमनी विचारलं, "तुमची अपेक्षा काय?"

'अपेक्षा' हा शब्द मी तोवर एकाच ठिकाणी वाचला होता. बायोडेटाच्या शेवटच्या ओळीत. 'अपेक्षा : अनुरूप.' क्षणभर तेच तोंडावर आलं, आणि आज वाटतं की तेच म्हणायला हवं होतं. मी म्हणालो, "साठ." पुढं दोन सेकंद शांतता पडली. ती मला सोसली नाही. "म्हणजे... पंचावन्न झाले तरी..."

"नाही नाही, साठ ठीक आहे," त्या म्हणाल्या, आणि लगेच लिहून घेतलं.

मंडईत आपण मागितलेल्या भावात बाई काही न बोलता भाजी पिशवीत भरायला लागली की पोटात जो गोळा येतो, तोच आला. मला कमी मागितलं म्हणून भाव पाडणारे लोक माहीत होते, जास्त मागितलं म्हणून हाकलणारे माहीत होते. पण मी स्वतःच खाली आलेलो असताना समोरच्यानं हाताला धरून वर आणून बसवावं, याचा अर्थ एकच होता. तो अर्थ मी कोल्हापूर येईपर्यंत मनात येऊ दिला नाही.

घरी 'साठ' हा आकडा माझ्या आधी पोचला होता. फोनवर आईला सांगितलं तेव्हा ती नळावर होती, म्हणजे पेठेला वेगळं सांगायची गरज उरली नाही. मामांनी तर हिशोबच मांडला. मामा प्राथमिक शिक्षक होते आणि वजाबाकीत ते कुणाचं ऐकत नाहीत. "एकतीसवर भागत होतं ना? मग साठातले एकोणतीस शिल्लक. वर्षाचे साडेतीन लाख. दोन वर्षांत गाडी." बायोडेटात 'शिरोली' खोडून 'मुंबई' झालं, खाली 'पॅकेज : ७.२ लाख'.

आता या ७ लाख २० हजारांचं काय झालं ते सांगतो. आणि हे लक्षात घ्या की मी अकाउंटंट आहे. दहा वर्षं लोकांच्या पगाराच्या स्लिपा मी काढल्या आहेत. हा आकडा सीटीसीचा, म्हणजे कंपनीला माझ्यावर पडणाऱ्या एकूण खर्चाचा. ७,२०,००० भागिले १२ म्हणजे महिना ६०,०००. त्यातले ६,००० व्हेरिएबल, म्हणजे वर्षाअखेर साहेबांचा मूड आणि कंपनीचा नफा एकाच दिवशी चांगले असतील तर मिळणारे. कंपनीनं माझ्यासाठी भरायचा पीएफ ३,६००, तोही माझ्याच साठात. ग्रॅच्युइटी १,४४३, पाच वर्षं टिकलो तर. मग माझा पीएफ आणखी ३,६००, प्रोफेशनल टॅक्स २००, मेडिक्लेम ६५७. इन्कम टॅक्स शून्य, हे त्यातल्या त्यात बरं, आणि थोडं अपमानास्पदही. उरले ४४,५००.

शिरोलीत एखादा कामगार स्लिप घेऊन आला की मी समजावायचो, "अहो, हा तुमचाच पैसा आहे, साठतोय." तो माझ्याकडं ज्या नजरेनं बघायचा, ती नजर आता माझी होती. फरक एवढाच की समोर कुणी बसलेलं नव्हतं. स्लिप ईमेलनं आली होती.

पण हे पुढचं. त्याआधी घर.

एजंटला मी अंधेरी म्हणालो. त्यानं एक वन आरके दाखवलं. दार पूर्ण उघडलं की ओट्यावरचा गॅस झाकला जायचा, म्हणजे एका वेळी एकतर घरात यायचं नाहीतर चहा करायचा. भाडं बत्तीस हजार, डिपॉझिट दीड लाख. आमच्या जुन्या गोठ्यात याहून जास्त जागेत एक म्हैस एकटी राहायची आणि तरी ती समाधानी नसायची. मी माझं बजेट सांगितलं. एजंट चिडला नाही, हसला नाही. त्यानं फक्त स्टेशन बदललं. पुढं सगळं संभाषण असंच झालं : मी बजेट सांगायचो, तो स्टेशन सांगायचा. घाटकोपर. मुलुंड. ठाणे. चौदा हजार म्हणालो तेव्हा आम्ही खाडी ओलांडून डोंबिवलीत होतो.

डोंबिवलीतले घरमालक निवृत्त गृहस्थ. "मूळ कुठले?"

"कोल्हापूर."

"म्हणजे नॉनव्हेज खाणार." प्रश्न नव्हता, निकाल होता. तो मी मान्य केला आणि खोली मिळवली. पन्नास हजार डिपॉझिट, चौदा हजार पहिलं भाडं, चौदा हजार एजंटचे, अकरा महिन्यांचा करार, त्याची नोंदणी आणि पोलीस व्हेरिफिकेशनची धावपळ धरून तीन हजार. एक्क्याऐंशी हजार! पगार अजून एक महिना लांब. शेवटी भिशी उचलली. माझं लग्न ठरलं की उचलायची, असं दोन वर्षं ठरलं होतं.

इथं माझ्यातल्या अकाउंटंटनं एक शेवटची धडपड केली. जुन्या करप्रणालीत घरभाड्याच्या सवलतीची एक मर्यादा कोल्हापुरात मूळ पगाराच्या चाळीस टक्के असते आणि मुंबईत पन्नास, हे मला पाठ होतं. म्हटलं, चला, मुंबईकर होण्याचा काहीतरी फायदा. मग लक्षात आलं की डोंबिवली ठाणे जिल्ह्यात आहे, आयकराच्या लेखी ती मुंबई नव्हेच. आणि तसंही मी नवीन करप्रणालीत, जिथं ही सवलतच नाही. म्हणजे भाडं देताना मी मुंबईत, सवलत घेताना मुंबईबाहेर, आणि सवलत तरी कुठं होती? माझा एक मित्र केंद्र सरकारच्या नोकरीत आहे, त्याचीही तेव्हाच कोल्हापूरहून मुंबईला बदली झाली. त्याचा घरभाडे भत्ता मूळ पगाराच्या २० टक्क्यांवरून ३० टक्के झाला. सरकारच्या हिशोबानं आमच्या पेठेत आणि मुंबईत एवढंच दहा टक्क्यांचं अंतर. ज्यानं हे ठरवलं त्याला क्वार्टर मिळालेलं असणार.

प्रवासाबद्दल लोक फार लिहितात, मी थोडक्यात आवरतो. डोंबिवलीहून लोकलनं घाटकोपर, तिथून मेट्रोनं अंधेरीतलं चकाला. मेट्रोत एसी असतो आणि घाटकोपरच्या पुलावर तो आठवतो. लोकलमध्ये चार महिन्यांनी मला चौथी सीट मिळायला लागली. माहीत नसलेल्यांसाठी : बाक तिघांचा असतो, चौथा माणूस "जरा सरका" म्हणतो, तिघं श्वास आत घेतात, आणि चौथ्याचा एक कुल्ला बाकावर आणि दुसरा हवेत राहतो. त्या अवस्थेत माणूस बसलेलाही नसतो आणि उभाही नसतो, पण कुणी विचारलं तर "बसून आलो" म्हणतो. पगाराचंही मी घरी असंच सांगत होतो.

कारण महिन्याचा ताळेबंद असा. भाडं १४,०००, डबा ५,०००, नाष्टा-चहा-बाहेरचं ६,०००, पास, मेट्रो आणि रिक्षा ३,५००, वीज, गॅस, नेट वगैरे २,५००. आईला ८,०००. हे आईनं मागितले नव्हते. पण साठ हजार मिळवणाऱ्या मुलानं घरी काहीच न पाठवणं पेठेत दिसायला बरं नव्हतं. उरले ५,५००, त्यातले ५,००० भिशीला, कारण भिशी उचलली तरी हप्ते चालूच राहतात. शिल्लक ५००.

हे कुणाला सांगायचं? "भागत नाही" म्हटलं की मामा म्हणायचे, "उधळपट्टी कमी कर." मावशीनं फ्रीजसाठी वीस हजार मागितले आणि मी अडखळलो तर म्हणाली, "ऱ्हाऊ दे बाबा, मोठी माणसं झाला तुमी." लग्न जमवणाऱ्या काकूंची चौकशी वेगळीच. पूर्वी मुलीकडचे 'शिरोली' वाचून थांबायचे. आता ते पुढं वाचत होते, आणि "मुंबईत स्वतःचा फ्लॅट आहे का?" इथं थांबत होते.

एकदा ऑफिसात शेजारच्या टेबलावरच्या मॅडमनी डबा खाता खाता विचारलं, किती मागितले होते. मी सांगितलं. त्यांनी पोळीचा घास हातातच ठेवला आणि म्हणाल्या, "साठ? अहो, या जागेवर आधी होता ना, तो पंच्याऐंशी घेत होता." मग दयेनं माझ्या डब्यात एक बोंबील टाकला. त्या मालवणच्या.

वर्षानं अप्रेझल आलं. या वेळी मी तयारीनं गेलो. सगळा ताळेबंद एक्सेलमध्ये, भाड्याच्या पावतीसकट. साहेबांनी शांतपणे सगळ्या ओळी वाचल्या. तेही मूळचे अकाउंटंट. म्हणाले, "डब्याचे पाच हजार जास्त वाटतात." मग लॅपटॉप माझ्याकडं वळवून म्हणाले, "हे बघा, कंपनी या कामाचा बाजारभाव देते. तुमच्या भाड्याचा नाही." मला राग यायला हवा होता. पण शिरोलीत पगारवाढ मागायला आलेल्यांना मालकांच्या वतीनं मी हेच सांगायचो, फक्त इतकं सुबक कधी जमलं नव्हतं. बाजारभाव काय आहे ते मला बोंबील खाताना कळलं होतं. पण तो मुलाखतीत सांगायचा असतो, अप्रेझलला नाही, तिथं टक्के असतात. आठ टक्के मिळाले. हातात ३,६२९ वाढले. त्याच आठवड्यात घरमालकांनी दहा टक्के भाडं वाढवलं आणि करार नवा करायचे एजंटनं अर्ध्या महिन्याचं भाडं घेतलं. कसले अर्धे? त्यानं तर स्टेशनही बदललं नव्हतं.

दिवाळीला घरी निघालो. डोंबिवलीच्या दुकानातून भाचीसाठी वेफर्सची चार पाकिटं घेतली. रात्री खंडाळ्यात जाग आली तर पिशवी फुगून शेजारच्याच्या मांडीवर गेली होती. सकाळी आईनं ती ओट्यावर ठेवली आणि शेजारणीला म्हणाली, "बघा, मुंबईची पाकिटं. कशी टम्म असत्यात."

दुपारी गल्लीतला एक पोरगा आला. बी.कॉम. झालेला, केसांना पाणी लावून, हातात फाइल. "दादा, मुंबईत इंटरव्ह्यू हाय. किती सांगू?"

मी खुर्ची पुढं ओढली. सीटीसी, व्हेरिएबल, डिपॉझिट, स्टेशनं, सगळं तोंडावर आलं होतं. तेवढ्यात आई चहा घेऊन आली आणि दारातच थांबली. हातात ट्रे, चेहऱ्यावर साठ हजार.

"डबल सांग," मी म्हणालो. "आरामात भागतं."

त्याला सोडायला कोपऱ्यापर्यंत गेलो. आई दिसेनाशी झाल्यावर त्याचा दंड धरला आणि हळूच सांगितलं, "डबल न्हाई, तिप्पट सांग. आणि सीटीसीत बोलू नको. हातात किती पडत्यात ते विचार."

पोरगं माझ्याकडं बघत राहिलं.

"सीटीसी म्हंजे, दादा?"