पामतेल, ‘पेट्रोलचा गाळ’ आणि इंडोनेशियाची कढई

दिवाळीच्या फराळाचं सामान भरायची वेळ आली की तो मजकूर पुन्हा डोकं वर काढतो. यंदा आधी सोसायटीच्या ग्रुपवर आला, मग चुलतभावाकडून आला, मग गिऱ्हाइकं दुकानात मोबाइल पुढे करून विचारायला लागली. त्यात म्हटलंय ते थोडक्यात असं: इंडोनेशियातले लोक स्वतः पामतेलाला हात लावत नाहीत. पेट्रोलियमचा गाळ मिसळलेलं कच्चं तेल ते आपल्याकडे लोटतात, म्हणून तर ते स्वस्त. भारतानं एक वर्ष खरेदी बंद केली तर इंडोनेशिया नाक घासत येईल. खाली जोडलेले हात आणि तिरंगा.

आमचा धंदा किराणा-भुसारचा. पामतेलाची वकिली करायची मला हौस नाही, आमच्या घरी फोडणीला शेंगदाण्याचंच तेल असतं. पण या मजकुरातलं पहिलं वाक्यच इतकं उलटं आहे की गप्प बसवत नाही.

‘ते स्वतः खात नाहीत.’ इंडोनेशियात स्वयंपाकाच्या तेलाला म्हणतात ‘मिन्याक गोरेंग’, म्हणजे तळणाचं तेल, आणि हे तेल म्हणजे जवळजवळ सगळं पामतेलच. रस्त्याच्या कडेला गाडीवर केळ्याची भजी, तळलेलं टेंपे (आंबवलेल्या सोयाबीनची वडी), भाज्यांची भजी विकतात, त्या सगळ्याला मिळून ‘गोरेंगान’ म्हणतात. आपल्याकडच्या वडापावच्या गाडीसारखीच कढई, खाली तसाच भडकलेला गॅस. 2022 च्या सुरुवातीला ही कढई कोरडी पडायची वेळ आली. जगात तेलाचे भाव चढलेले, त्यामुळे माल बाहेर पाठवण्यातच फायदा. सरकारनं पिशवीबंद तेलाला लिटरला 14,000 रुपिया, म्हणजे आपल्या तेव्हाच्या पाऊणशे रुपयांच्या आत-बाहेर, अशी कमाल किंमत ठरवली. झालं, दुकानांतून तेलच गायब. बायका रांगांत उभ्या. मार्चच्या मध्यावर सरकारनं पिशवीबंद तेलावरची ही मर्यादा उठवली, तर तेल एका दिवसात फळ्यांवर परत आलं, पण भाव कुठल्या कुठे. माजी राष्ट्राध्यक्ष मेगावती सुकार्णोपुत्री यांनी त्याच सुमारास विचारलं, की बायकांना रोज तळायलाच हवं का, उकडता-वाफवता येत नाही का? त्यावरून त्यांच्यावर जी झोड उठली, ती पामतेल न खाणाऱ्या देशात उठली नसती.

एप्रिलमध्ये निर्यात परवान्यांच्या भ्रष्टाचारात व्यापार मंत्रालयाच्या महासंचालकालाच अटक झाली. त्यानंतर तीन दिवसांनी, 22 एप्रिलला, राष्ट्राध्यक्ष जोको विडोडो यांनी निर्यातबंदी जाहीर केली आणि 28 तारखेपासून ती लागू झाली. जगातलं निम्म्याहून जास्त पामतेल पिकवणाऱ्या देशानं घरच्या कढईसाठी गोदी बंद केली! आमच्याकडे डब्याचे भाव सकाळी एक, संध्याकाळी एक. ‘आपल्याकडे लोटतात’ म्हणणाऱ्यांनी तो महिना आठवून बघावा. आपण त्यांच्या दारात उभे होतो, ते आपल्या नव्हे.

बंदी टिकली नाही, त्याचं कारणही मजकुरात नसलेलं. तिथल्या लागवडीतला सुमारे 40 टक्के भाग छोट्या शेतकऱ्यांकडे आहे. निर्यात थांबल्यावर टाक्या भरल्या, कारखान्यांनी फळ घेणं कमी केलं, भाव पडले आणि 17 मेला हे शेतकरी जकार्तात मोर्चा घेऊन आले. 23 मेपासून निर्यात पुन्हा सुरू. कांद्याची निर्यातबंदी आणि लासलगाव ज्यांना माहीत आहे त्यांना यातलं काहीच परकं वाटू नये.

आता ‘पेट्रोलियमचा गाळ’. पामचा घड पंधरा-वीस किलोचा, त्यात हजारभर तरी फळं. पिकलेल्या सुपारीसारखी केशरी-लाल दिसतात. कोकणातल्या माणसाला दुरून फसवतील. घड झाडावरून उतरला की शक्यतो त्याच दिवशी, फार तर दुसऱ्या दिवशी कारखान्यात जावा लागतो, नाहीतर फळातलं तेल आंबायला लागतं. म्हणून मळ्यांच्या मधोमध कारखाना. तिथे घड दाबाच्या वाफेवर शिजवतात, फळं झोडून वेगळी करतात, त्यांचा लगदा करतात आणि मळसूत्री दाबयंत्रातून पिळतात. जे निघतं ते गाजराच्या रसासारखं लालसर, कारण गाजरातलंच कॅरोटीन त्यात असतं. आतल्या बीचं तेल निराळं निघतं, ते बरंचसं खोबरेलाच्या जातीचं, साबणाला जातं.

गंमत अशी की पेट्रोलियमचा हात शोधायचाच असेल तर तो सोयाबीनवाल्या लातूरकडे शोधावा लागेल. सोयाबीनमध्ये तेल अठरा-वीस टक्केच, ते नुसतं पिळून पुरेसं सुटत नाही. म्हणून सॉल्व्हंट प्लांटमध्ये ते हेक्झेननं धुऊन काढतात आणि हेक्झेन हा पेट्रोलियम पदार्थ आहे. तो नंतर उडवून परत घेतात, यात घाबरण्यासारखं काही नाही. पण ‘गाळ’वाला मजकूर पुढे पाठवणाऱ्याच्या घरात बहुधा सोयाबीनचीच पिशवी असते.

मग थंडीत पिशवीच्या तळाशी साचणारं ते पांढरं ‘पॅराफिनचं मेण’? त्याचे व्हिडिओ दर हिवाळ्यात येतात. रिफायनरीत कच्च्या तेलातला चिकटपणा काढतात, विशिष्ट मातीतून गाळून रंग उतरवतात, निर्वात टाकीत अडीचशे अंशांच्या आसपास तापवून वास घालवतात. नंतर तेल हळूहळू थंड केलं की त्याचे दोन भाग होतात. घट्ट तो स्टिअरिन, पातळ तो ओलिन. आपला पामोलिन हा शब्द तिथून आला. वेगळं करणं शंभर टक्के होत नाही, उरलेलं स्टिअरिन गारठ्यात थिजतं. खोबरेल डिसेंबरात थिजतं तेव्हा आपण बाटली उन्हात ठेवतो, पॅराफिन पॅराफिन म्हणून ओरडत नाही.

खरे आक्षेप आहेत, आणि ते या मजकुरापेक्षा जड आहेत. पामतेलात जवळजवळ निम्मी चरबी संपृक्त, म्हणजे हृदयाला न मानवणारी. वास घालवताना जास्त तापवलं की ग्लिसिडिल एस्टर नावाची अपायकारक द्रव्यं तयार होतात आणि तपासलेल्या तेलांत ती पामतेलात सर्वात जास्त आढळली, हे युरोपच्या अन्नसुरक्षा यंत्रणेनं 2016 साली सांगितलं. सुमात्रा-बोर्निओतली जंगलं गेली. 2015 मध्ये पीटच्या, म्हणजे कुजक्या पालापाचोळ्याच्या दलदलीच्या जमिनी पेटल्या तेव्हा धुरानं सिंगापूरपर्यंत लोक बेजार झाले. यावर मजकुरात एक अक्षर नाही.

स्वस्त का, तर पीकच तसं. हेक्टरी साडेतीन टनांच्या घरात तेल, सोयाबीनचं अर्ध्या टनाच्या आसपास. झाड एकदा लावलं की वीस-पंचवीस वर्षं फळ. आणि हल्ली तर ते नेहमी स्वस्त असतंच असंही नाही, त्यावर पुढे येतोच.

‘कच्चंच का पाठवतात?’ तर आपण मागतो म्हणून. 2011 साली इंडोनेशियानं निर्यातकर असा फिरवला की कच्च्या तेलावर जास्त, शुद्ध केलेल्यावर कमी. हेतू उघड होता: शुद्धीकरण इथे करा, रोजगार इथे द्या. भांडवल आलं, सुमात्रात दुमाईसारख्या बंदरांच्या भोवती रिफायनऱ्या वाढल्या, आणि आज त्यांच्या निर्यातीत कच्चं तेल हा लहान हिस्सा आहे. त्यांना पामोलिन विकायचं आहे. कांडला, मुंद्रा, काकिनाडा, हल्दियाच्या आपल्या रिफायनऱ्यांना मात्र कच्चं तेल हवं आहे, नाहीतर त्या ओस पडतात. म्हणून दिल्ली शुद्ध तेलावर जास्त आयात शुल्क ठेवते. 2025 च्या मेअखेरीस कच्च्यावरचं एकूण शुल्क 27.5 वरून 16.5 टक्के केलं, शुद्ध तेलावरचं 35.75 टक्के तसंच राहिलं. हा 19.25 टक्क्यांचा फरक म्हणजे आपल्या कारखानदारांचं कुंपण. कुंपणाला भोकं आहेतच: शेजारच्या नेपाळातून शुल्कमुक्त शुद्ध तेल येतं, आणि नेपाळात पामच्या बागा काही नाहीत.

राहिलं ‘नाक घासत येतील’. हा प्रयोग दोनदा, न ठरवता का होईना, झाला आहे. मलेशियाचे तेव्हाचे पंतप्रधान महातीर यांच्या काश्मीरवरच्या वक्तव्यानंतर जानेवारी 2020 मध्ये शुद्ध पामतेलाच्या आयातीवर निर्बंध आले. मलेशियाचा माल काही महिने अडला, आपण इंडोनेशियाकडून घेतला, महातीर पायउतार झाल्यावर मलेशियाकडून खरेदी परत सुरू. दुसरा प्रयोग मोठा. 2023-24 च्या तेलवर्षात (नोव्हेंबर ते ऑक्टोबर) आपण सुमारे 90 लाख टन पामतेल आणलं, 2024-25 मध्ये 76 लाखांच्या आसपास. चौदा लाख टनांची घट! कारण देशभक्ती नव्हती. पामतेल सोयातेलापेक्षा महाग झालं होतं. आणि ते महाग झालं त्यात मोठा हात इंडोनेशियाच्या बायोडिझेलचा. डिझेलमध्ये पामतेलाचा अंश 2020 ला 30 टक्के, 2023 ला 35, 2025 पासून 40. तिथे वर्षाला 5 कोटी टनांच्या वर तेल होतं, त्यातलं जवळपास निम्मं देशातच संपतं आणि आता कढईपेक्षा ट्रकच्या टाकीत जास्त जातं. तेव्हा पेट्रोलियम आणि पामतेल एकत्र येतात हे खरं, फक्त तिथल्या डिझेल पंपावर.

पामतेल कमी आणलं म्हणून आपण काही वाचवलंही नाही. एकूण आयात 160 लाख टनांच्या घरातच राहिली. अर्जेंटिना-ब्राझीलचं सोयातेल 54 लाख टनांच्या वर गेलं. एका दारातून उठून दुसऱ्या दारात.

परवा एका काकूंनी हे सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, “मग चकलीला कुठलं तेल घेऊ ते सांग.” मी म्हटलं, कुठलंही घ्या, फक्त तळून उरलेलं चार-चार वेळा तापवू नका. 2022 च्या दिवाळीत रेशनवर शंभर रुपयांत ‘आनंदाचा शिधा’ मिळाला होता, रवा, साखर, हरभरा डाळ, त्यात एक लिटर पामतेलच होतं ना? त्या म्हणाल्या, “हो, करंज्या छान झालेल्या.” आणि शेंगदाण्याच्या डब्याचा भाव ऐकून पामोलिनच्या दोन पिशव्या घेऊन गेल्या.