अ‍ॅडेनियमला पाणी किती? काकांच्या रागाला उत्तर

नमस्कार काका,

तुमची प्रतिक्रिया पहिल्यांदा वाचली तेव्हा राग आला, चहा पिऊन पुन्हा वाचली तेव्हा ओशाळले. तुमची तक्रार अशी: मार्चमध्ये मी लिहिलं, "अ‍ॅडेनियम वाळवंटी झाड, पाणी कमीच घाला." तुम्ही आठवड्याला एक पेला घातलात. एप्रिलात कळ्या गळाल्या, पानं पिवळी पडली. आणि मेमध्ये माझ्याच फोटोखाली तुम्ही वाचलंत, "हल्ली रोज सकाळी पाणी घालते." "लोकांना एक सांगायचं, घरी दुसरं करायचं" हा तुमचा शेरा. वर, नात रांगती असताना झाड विषारी आहे हे मी सांगितलंच नाही.

विषाचं आधी. चूक माझी, सबब नाही. हे झाड कण्हेरीच्या कुळातलं. १७७५ साली छापलेल्या वर्णनात फोर्सकॉल या वनस्पतिशास्त्रज्ञाने त्याला कण्हेरीच्याच प्रजातीत घातलं होतं. चीक हृदयावर परिणाम करतो, आफ्रिकेत तो बाणांना लावत. कुंडी नातीच्या हाताला लागणार नाही अशी ठेवा, छाटताना हातमोजे घाला. मूळ लेखात आज हे सगळ्यात वर टाकलंय.

आता पाणी. "कमी" हा शब्द मी आळसाने वापरला. हे झाड बुंध्यात पाणी साठवतं ते पाणी नकोसं असतं म्हणून नाही, त्याच्या मुलखात ते क्वचित मिळतं म्हणून. मिळालं की भरपूर पितं. पुण्यात एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीला टेकतो, झाड नवी पालवी काढत असतं, आणि माझ्या गच्चीवरची मातीची कुंडी संध्याकाळपर्यंत खडखडीत वाळते. म्हणून रोज. डिसेंबरात तीच कुंडी पंधरा-पंधरा दिवस कोरडी असते, पानंही बरीच गळतात. वार आणि पेले मोजण्याऐवजी माती किती वेळात वाळते ते बघा, हे मी तेव्हाच लिहायला हवं होतं.

तुमचं झाड नर्सरीतल्या लाल मातीतच आहे, असं तुम्हीच लिहिलंय. खरी गोम तिथे. ती माती वाळली की ढेकूळ होते. पेलाभर पाणी कडेने उतरून ताटलीत येतं, मुळं कोरडीच. पावसाळ्यात उलट, एकदा भिजली की आठवडाभर ओली. तहानेने अ‍ॅडेनियम सहसा मरत नाही, या ओलीने मरतं. दोन वर्षांपूर्वी जुलैत माझं असंच गेलं होतं. वरून पानं हिरवीगार, आणि बुंध्याला तळाशी बोट लावलं तर पिकल्या पेरूसारखं आत गेलं. आंबूस वास. सुरीने कापत गेले, तपकिरी संपून पांढरा गर लागेपर्यंत. उरलेला तुकडा सावलीत टांगून चांगला वाळवला आणि कोरड्या वाळूत लावला. जगला, पण दिसायला आता मुळ्याच्या फोडीसारखा आहे.

तेव्हा पाऊस लागायच्या आत माती बदला. निम्मे विटांचे हरभऱ्याएवढे तुकडे आणि भरड वाळू (बारीक रेती नको, चिखल होतो), उरलेलं जुनं शेणखत आणि थोडं कोकोपीट. लावल्यावर चार-पाच दिवस पाणी नाही, म्हणजे तुटलेल्या मुळांच्या जखमा सुकतात. आणि पावसात झाड पत्र्याखाली, उजेडात.

एका गोष्टीत मात्र मी माघार घेणार नाही. फुलं यावीत म्हणून तहानलेल्या झाडाला मूठभर डीएपी (रासायनिक खत) घालायला मी कधीच सांगितलं नव्हतं. कोरड्या मातीत रासायनिक खत मुळं जाळतं. शिवाय टीव्हीशेजारी शोभेला ठेवलेलं अ‍ॅडेनियम फुलणार कसं? त्याला पाच-सहा तास थेट ऊन लागतं. गॅलरीत काढा, पण हळूहळू, नाहीतर पानं करपतील.

उद्या सकाळी एवढं करा. बुंधा अंगठ्याने दाबून बघा. सगळीकडून सारखा लिबलिबीत, साल किंचित सुरकुतलेली, पण कुठे ओल नाही, म्हणजे तहान: कुंडीच्या तळातून वाहीपर्यंत पाणी घाला, दोन-तीन दिवसांत टणक होईल. फक्त तळाशी मऊ, रंग काळपट, म्हणजे कूज: पाणी अजिबात नको, झाड उपटा आणि मला लगेच फोटो पाठवा.